ह्यांची एक ओळ

२६ जानेवारी १९९०, शुक्रवार

वहीचा उद्देश आधीच लिहून ठेवते, म्हणजे पुढे घोळ नको. ही दुःखाची वही नाही. ह्यांच्या कामाची नोंद आहे. परवा रविवारी सकाळी दहा वाजता टीव्हीवर ह्यांची मालिका सुरू होते. तेरा रविवार, तेरा नोंदी, मग वही ट्रंकेत.

दुःख गेल्या आषाढात झालं. आटोपलं.

पेपरात मालिकेबद्दल चार ओळी आल्या आहेत. तीन भाऊ, वाटणी, आई वगैरे. ह्यांचं नाव नाही. पेपरवाल्यांना मालिका कळलेली नाही. त्या तिघांचे वडील हे आहेत. वडील मेले नसते तर वाटणी झाली असती का? मग मुख्य काम कोणाचं?

२८ जानेवारी, रविवार. दुपारी

पहिला भाग. कमलबाईकडे पाहिला, कारण टीव्ही तिच्याकडे आहे. दुसरं काही कारण नाही. देवपुरात आमच्या गल्लीत कलर टीव्ही तिचा एकटीचा, आणि ते ती कोणाला विसरू देत नाही.

हे चार वेळा दिसले. भिंतीवर, मोठ्या फ्रेममध्ये, चंदनाचा हार घातलेले. पहिल्यांदा पूर्ण दिसले, नंतर तीनदा थोरल्या मुलाच्या खांद्यामागे अर्धे. तो मुलगा वाटेल तिथे उभा राहतो. कोणीतरी त्याला सांगायला पाहिजे.

कमलबाई वाटाणे सोलत बसली होती. म्हणाली, "अगं बाई, नाना फोटोतच आहेत का? मला वाटलं काम आहे."

मी म्हटलं, फोटो हेच काम आहे. ती म्हणाली, हो का, आणि एक वाटाणा तोंडात टाकला.

पुढच्या रविवारी जाणार नाही.

४ फेब्रुवारी, रविवार

गेले. दार उघडं होतं.

हे दोनदा दिसले. मालिकेतली ह्यांची बायको पहिल्यांदा नीट दिसली. पांढरं पातळ आणि तोंडाला पावडर. ओठांना पण काहीतरी आहे. फोटोपुढे उदबत्ती लावते आणि वळून लगेच सुनेशी हसते. कोणाची विधवा अशी हसते? मी सात महिन्यांत हसलेले नाही. मुद्दाम नाही, तसं कारण आलं नाही.

ती बाई चालणार नाही. पुढे तिचं काम कमी करतील असं वाटतं.

६ फेब्रुवारी, मंगळवार

ह्यांची सगळी कारकीर्द एकदा लिहून काढते. उद्या कोणी माहिती मागितली तर तोंडी सांगत बसायला नको.

मूळ गाव एरंडोलकडचं. नाव झिपरू, गल्लीत नाना. सुरुवात पितर म्हणून. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आपल्याकडे गेलेल्या माणसाच्या नावाने पाण्याची घागर भरतात आणि एका बाहेरच्या माणसाला पितर म्हणून पाटावर बसवून जेवू घालतात. बाकीचे पितर नुसते जेवायचे, ढेकर द्यायचे आणि जायचे. हे पितर व्हायचे. वना आबांच्या घरी बसले तेव्हा वना आबांसारखे एक डोळा बारीक करून डाळीकडे पाहिलं. त्यांची बायको भागाबाई डोक्यावर पदर घेऊन समोर आली आणि विचारू लागली, अहो, विळा कुठे ठेवला होतात? हे म्हणाले, असेल तिथेच. वना आबा जन्मभर हेच म्हणायचे. भागाबाई ओसरीवर बसून रडली. विळा सापडला नाही तो नाहीच.

एका आखाजीला चार घरी चार मेलेली माणसं होऊन जेवले आणि तीन दिवस अंथरुणात पडले. पण प्रत्येक घरी वेगळे जेवले. ही गोष्ट गावातले कौतिक भाऊ अजून सांगतात.

मग कोणीतरी डोक्यात भरवलं आणि मुंबईला गेले. सोळा वर्षं. मी इथे लोकांचे ब्लाउज शिवत. तिथे हे प्रेत (अकरा वेळा, श्वास धरून ठेवण्यात नाव होतं), देवळातला पुजारी (पाठीकडून), कोर्टातला पट्टेवाला, पोस्टमन (फक्त हात). आणि फोटो. हिरोचे मेलेले वडील म्हणजे हेच, असं ठरूनच गेलं होतं. स्टुडिओत ह्यांना सगळे 'फोटोवाले बाबूजी' म्हणत. असा चेहरा दुसरा नव्हता. पाहिलं की माणूस गेला आहे असं वाटायचं आणि वाईटही वाटायचं.

बोलायचं काम कधी मिळालं नाही. 'कधी' हा शब्द मात्र आता खोडावा लागेल. त्याबद्दल उद्या.

७ फेब्रुवारी, बुधवार

ह्यांचं शेवटचं पत्र उतरवून ठेवते. मूळ पत्राच्या घड्या फाटायला आल्या आहेत. ते खराब होतं आहे म्हणून, वारंवार वाचते म्हणून नाही.

"सौ. मंजुळा हिस आशीर्वाद. या मालिकेत मी बोलतो. शेवटाशेवटाकडे जुने दिवस दाखवतात, त्यात मी उन्हातून घरी येतो, ओट्यावर बसतो आणि म्हणतो, 'अरे भई, ज़रा पानी मिलेगा?' एवढंच, पण क्लोजअप आहे. बाहेरचं शूटिंग, ट्रकांचा आवाज फार. शूटिंग झालं, डबिंग बाकी आहे, त्याला आषाढात बोलावतील. ते झालं की येतो. टीव्हीवर येईल तेव्हा सगळ्या गल्लीला बोलव."

आषाढात मगनची तार आली. मगन ह्यांच्या खोलीत राहायचा. तो ड्युटीवर असताना हे गेले. शेवटी काय बोलले ते कोणाला माहीत नाही.

असो. मुद्दा असा की शूटिंग झालं होतं. काम पूर्ण. बाकी किरकोळ राहिलं ते त्यांनी पाहून घेतलं असेल.

ओळ लहान आहे पण वजनदार. घरी मात्र ह्यांनी पाणी कधी तोंडाने मागितलं नाही. दोनदा खाकरायचे, की मी लोटा घेऊन हजर. हे मला कधी आवडलं नव्हतं. एकदा सांगितलंही होतं, तोंड आहे ना देवाने दिलेलं. त्यावर दोनदा खाकरले.

९ फेब्रुवारी, शुक्रवार

गावाहून मोतीलाल आला. माझा दीर. कापसाचं बोलून झाल्यावर मुद्द्यावर आला. "वहिनी, दादानी पहिली आखाजी शे. घागर तं भरनीच पडी."

मी म्हटलं, घागर गेलेल्या माणसाची भरतात. दर रविवारी दहा वाजता जो माणूस कामावर हजर असतो, त्याची कसली घागर?

त्याने विचारलं, झोप लागते का. म्हटलं, तू गेलास की लागेल.

पितर म्हणून भिकनला बसवायचं त्याने परस्पर ठरवलं आहे. हे मुंबईला गेल्यापासून गावात भिकनच सगळीकडे बसतो. त्याला मेलेला माणूस कसा बसतो तेसुद्धा कळत नाही. पाटावर बसून पाय हलवतो. या घरात भिकन येणार नाही. लिहून ठेवते.

११ फेब्रुवारी, रविवार

तिसरा भाग. फोटो डावीकडे कलला आहे. मी स्पष्ट पाहिलं. ती बाई त्याच्यासमोरून चार वेळा गेली आणि एकदाही हात लावला नाही. सुनेच्या बांगड्यांबद्दल बोलत होती.

कमलबाईला म्हटलं, फोटो वाकडा आहे. तिने तिच्या भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं. तिला हे दाखवणंच चुकीचं.

१२ फेब्रुवारी, सोमवार

निर्मात्याला कार्ड टाकलं. पत्ता ह्यांच्या जुन्या पत्रावरून घेतला. मोजकं लिहिलं: फोटो सरळ करावा. कळावे.

मला लिहिता येतं याचा कमलबाईला अजून राग आहे. लग्नात मला अक्षर येत नव्हतं. ह्यांची पत्रं ती वाचून दाखवायची, आणि मधे थांबून "पुढचं तुमच्यासाठी आहे" म्हणून मनातल्या मनात वाचायची. बत्तिसाव्या वर्षी मी बाराखडी घेऊन बसले ती फक्त तिला माझ्या पत्रांतून बाहेर काढायला. नंतर सवय लागली. आता वाचनालयातल्या चार कपाटांपैकी तीन वाचून झाली आहेत. लेखकांना शेवट करता येत नाही, असं माझं मत झालं आहे.

१८ फेब्रुवारी, रविवार. अकरा वाजता

फोटो सरळ.

सोमवारी कार्ड टाकलं, रविवारी फोटो सरळ. पोस्टखात्याला नावं ठेवणाऱ्यांनी हे पाहावं.

मोतीलाल आला होता, त्याला सांगितलं. तो म्हणतो, मालिका गेल्या वर्षीच शूट झालेली आहे, आता कोण सरळ करणार. त्याला यातलं काय कळतं. त्याला कापूस कळतो.

दुसरं कार्ड लिहिलं. सूचना चार: एक, त्या बाईने ओठ पुसावेत. दोन, उदबत्ती फोटोच्या नाकाखाली लावू नये. तीन, थोरल्याने बाजूला उभं राहावं. चार, जुने दिवस जरा लवकर दाखवावेत, लोक वाट पाहत आहेत.

२५ फेब्रुवारी, रविवार

पाचवा भाग. सूचना पोचलेल्या दिसत नाहीत. ती बाई आज फोटोशी बोलली. "आप होते तो…" असं म्हणून दोन मिनिटं. कमलबाईने डोळ्याला पदर लावला. मला तर हसूच येणार होतं. भिंतीवरच्या फोटोशी कोण बोलतं? शिकलेल्या लोकांच्या कल्पना.

हे मात्र उत्तम होते. एकदाही पापणी हलली नाही.

२७ फेब्रुवारी, मंगळवार

गॅस संपला. आपल्या घरातला फोटो तोच आहे, त्याच निगेटिव्हचा, हार तेवढा नाही. जाता जाता त्याला सांगितलं की गॅस संपला. सांगितलं फक्त. बोलले नाही.

४ मार्च, रविवार

सहावा भाग. पावणेदहाला लाईट गेली. कमलबाईच्या काळ्या टीव्हीसमोर साडेदहापर्यंत बसून राहिले, न जाणो. ती म्हणाली, चहा घेता का मंजुळाबाई? नको म्हटलं. मग घेतला. साखर कमी होती.

संध्याकाळी पांझरा नदीच्या पलीकडे गेले. तिकडे लाईट होती. अभयकुमारच्या फोटो स्टुडिओत जाऊन विचारलं, भाग पाहिला का. पाहिला म्हणाला. फोटो दिसला का? म्हणाला, "फोटो? फोटोकडे लक्ष नव्हतं, काकू."

फोटोग्राफर आहे हा.

१८ मार्च, रविवार

मागच्या रविवारी लिहिण्यासारखं काही नव्हतं. आज आहे. धाकट्या मुलाने घर विकायला काढलं आणि फोटो भिंतीवरून उतरवून माळ्यावर ठेवला. तोंड भिंतीकडे करून. आणि ती बाई नुसती उभी राहिली.

मी उठून निघून आले. कमलबाईने मागून हाक मारली, अहो, अजून संपलं नाही. म्हटलं, माझ्यापुरतं संपलं.

या मालिकेशी आता माझा संबंध नाही. आठ भाग झाले, एक सोडून सगळ्यांच्या नोंदी झाल्या, पुरे.

२० मार्च, मंगळवार

दुसरं कार्ड परत आलं. शिक्का: या पत्त्यावर कोणी नाही. मोठ्या ऑफिसात गेले असणार, मालिका चालते आहे म्हटल्यावर. आणि दुसरं परत आलं याचाच अर्थ पहिलं पोचलं होतं.

२५ मार्च, रविवार

गेले. फोटो अजून माळ्यावर आहे. संपूर्ण भागात हे नाहीत. तरी सगळ्यांच्या तोंडी हेच. "बाबूजी होते तो", "बाबूजी ने कहा था". न दिसता भाग खाऊन टाकला. असा नट नाही.

२९ मार्च, गुरुवार

वाचनालयात पेपर पाहिला. टीव्हीच्या पानावर छापलं आहे: शेवटच्या भागात वडिलांच्या आयुष्यातला अखेरचा दिवस दाखवणार. म्हणजे तेरावा भाग, बावीस एप्रिल. ओळ त्यातच असणार.

पान कापून आणलं. ग्रंथपाल ओरडला, ओरडू दे.

३० मार्च, शुक्रवार

आज नीट विचार केला. ह्यांचे फोटो घरात ढीगभर आहेत. आवाज कुठेच नाही. सोळा वर्षं सिनेमात काढली आणि एकाही सिनेमात आवाज नाही. मला तो आठवतो, फाटक्या सुपात दाणे घोळवल्यासारखा. पण गेल्या महिन्यापासून आठवायला गेलं की आधी सूप आठवतं.

म्हणून ठरवलं: बावीस तारखेला आवाज टेपवर घ्यायचा. एकदा घेतला की घरात राहील. मग कोणाला काय घागरी भरायच्या त्या भरू देत.

२ एप्रिल, सोमवार

अभयकुमारकडून टेपरेकॉर्डर ठरवला. लग्नाचं शूटिंग करतो त्यामुळे त्याच्याकडे चांगला आहे. म्हटलं, टीव्हीवर काकांचा आवाज येणार आहे, तो घ्यायचा आहे. तो खूश झाला. मग मशीन पुसता पुसता म्हणाला, "डबिंग काकांनी स्वतःच केलं होतं ना?"

म्हटलं, मग काय मी केलं?

तो पुन्हा मशीन पुसायला लागला. या मुलाला व्यवहाराचं कळतं, कलेतलं नाही.

८ एप्रिल, रविवार

अकरावा भाग. फोटो माळ्यावरून खाली आला. त्या बाईने पदराने काच पुसली, हळूहळू, कोपऱ्यापासून. हार काढून ठेवला आणि तशीच पाहत राहिली. काही बोलली नाही. पावडर पण नव्हती आज.

ठीक काम केलं. आमच्या ह्यांच्यासमोर बसून शिकली असणार.

१० एप्रिल, मंगळवार

भिकन दारात उभा. मोतीलालने पाठवला. म्हणतो, "अक्का, नानांचा आवाज हुबेहूब जमवला आहे. तीन महिने झाले. ऐका तर खरं." आणि तोंड उघडणार तेवढ्यात मी दार लावलं.

बाहेरून म्हणाला, "बरं, आखाजीला ऐका."

खिडकीतून सांगितलं, आखाजीला तुला इथे पाटसुद्धा मिळणार नाही. खरा आवाज येतो आहे बावीस तारखेला. आलास तर दाराबाहेर बसून ऐक, काही शिकशील.

तो खरंच म्हणाला, येतो.

१५ एप्रिल, रविवार

बारावा भाग. शेवटी पुढच्या रविवारचं थोडं दाखवलं. ऊन. ओटा. कोल्हापुरी चपला घातलेले पाय. हे पाय मी कुठेही ओळखीन. डाव्या पायाचं दुसरं बोट अंगठ्यावर चढतं.

कमलबाईला काही कळलं नाही. मी सांगितलं नाही.

२१ एप्रिल, शनिवार

तयारी. गल्लीतल्या सगळ्यांना सांगून झालं. बेबाबाई येते म्हणाली. मोतीलाल गावाहून आजच आला. भिकन येणार, तो आपोआप येतो. कमलबाईला ताकीद दिली: उद्या वाटाणे नाहीत, भाजी निवडणं नाही, कुकर नाही. तिने मान हलवली. इतकी सरळ मान तिने कधी हलवली नव्हती, संशय येतो.

कॅसेट नवी आहे. दोनदा पाहिलं, लाल बटण आणि शेजारचं, दोन्ही एकदम दाबायची.

मोतीलालला आज स्वच्छ सांगितलं: उद्या दादाचा आवाज घरात आला की घागरीचा विषय बंद. तो म्हणाला, बरं.

२२ एप्रिल, रविवार. दुपारी दोन

तेरावा भाग झाला. माणसं बरीच होती. कमलबाईने सतरंजी अंथरली होती. कुकर लावला होताच, पण लांब ठेवला होता.

दहा वाजून एकवीस मिनिटांनी हे आले. उन्हातून चालत. मी बटणं दाबली. ओट्यावर बसले, टोपी काढली, कपाळ पुसलं. क्लोजअप. खूप जवळून. हनुवटीवरचा व्रण दिसला, तो गावी आमच्या अंगणातल्या खाटेचा आहे.

तोंड उघडलं. "अरे भई, ज़रा पानी मिलेगा?"

बेबाबाई मोठ्याने रडली. मोतीलालने टोपी काढली. भिकन दारात उभा राहिला. सगळे म्हणाले, नानांनी काय काम केलं, काय आवाज लावला.

मी टेप उचलून घरी आले.

२४ एप्रिल, मंगळवार

आज टेप ऐकली. आवाज रांजणातून आल्यासारखा. भरदार. शुद्ध. बातम्या देणाऱ्या माणसाचा असतो तसा. मग कुकरची शिट्टी. आणि शिट्टीच्या आधी एका बाईचा आवाज, अगदी जवळ, "कोण हा?"

तो माझा आहे. मी बोलले होते हे मला आठवत नाही.

मशीन परत द्यायला गेले. अभयकुमारने विचारलं नाही, मीच विचारलं. त्याने सांगितलं, काकू, बाहेरच्या शूटिंगमधला आवाज वापरता येत नाही. नंतर बंद खोलीत, पडद्यावर आपलं तोंड हलताना पाहून पुन्हा बोलावं लागतं. त्याला डबिंग म्हणतात. ज्याला येता आलं नाही, त्याच्या जागी ते दुसऱ्या माणसाला बोलवतात.

म्हटलं, मला माहीत होतं.

तो म्हणाला, हो काकू.

वरचं वाक्य वाचून पाहिलं. माहीत नव्हतं. पत्र मी स्वतः उतरवलं होतं याच वहीत, 'बाकी किरकोळ' असंही लिहिलं होतं. बाकी होता तो आवाजच.

सगळ्या गल्लीने ऐकलं. ह्यांच्या घरी जेवलेली, ह्यांच्याशी भांडलेली माणसं होती. सख्खा भाऊ होता. एकालाही कळलं नाही. उलट म्हणाले, काय आवाज लावला. म्हणजे आता गल्लीत आणि गावात तोच आवाज ह्यांचा. मी एकटी नाही म्हणणारी.

२५ एप्रिल, बुधवार

कुंभाराकडून घागर आणली. मोतीलालने विचारलं, वहिनी, एकदम कसं काय? म्हटलं, ऊन फार आहे.

२७ एप्रिल, शुक्रवार. आखाजी. दुपारी तीन

घागर भरली. वर डांगर, म्हणजे खरबूज, ठेवलं. पूजा मोतीलालने केली. कमलबाई सांजोऱ्या घेऊन आली, दोन फुटलेल्या होत्या. घेतल्या.

भिकनला पाटावर बसवलं. पाट ह्यांचाच दिला, घरात दुसरा नाही. बसण्याआधी सांगितलं, "बोलायचं नाही. आवाज काढायचा नाही. नुसतं जेव."

तो हिरमुसला. म्हणाला, अक्का, तीन महिने मेहनत केली. म्हटलं, ती दुसऱ्याच्या घरी कर.

आमरसाच्या तीन वाट्या घेतल्या त्याने. ह्यांना आमरस सोसत नसे, अंगावर चट्टे उठायचे. मी वाढत राहिले. पायही हलवत होता, एकदा मोतीलालने त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला तेव्हा थांबला. फोटो समोरच होता. हार मोतीलालने आणलेला आहे, घातला.

निम्मं जेवण झालं आणि भिकन दोनदा खाकरला.

लोटा भरून त्याच्यापुढे धरला तेव्हा माझ्या लक्षात आलं की मी उठले आहे. पाणी घागरीतलंच होतं. मोतीलाल माझ्याकडे पाहत होता. कमलबाई दारात होती.

भिकनने लोटा रिकामा केला, तोंड पुसलं आणि घाबरून म्हणाला, "आवाज नही काढा अक्का. मिरची लागनी."

खरं आहे. ठेचा मीच वाढला होता. मिरची यंदा तिखट आहे.